रुसलेला मामा आणि मुळा खाणारा जपानी

माझं लग्न तोंडावर आलं आणि लासलगावहून निरोप आला, मामा येणार नाही. ताईच्या लग्नाच्या अल्बममध्ये मामाचा फक्त खांदा आणि अर्धा फेटा आहे. बाकीचा मामा फोटोग्राफरने कापला, तेव्हापासून तो रुसलाय. मंगलाष्टकांना नवरीच्या मागे मामा उभा राहतो, आणि माझ्या मागे दुसरं कुणी मला चालणार नव्हतं. लॅपटॉप उचलला आणि नाशिकहून एसटीत बसले.

तुम्हालाही जायचं असेल तर सकाळची गाडी धरा. बायकांना अर्धं तिकीट, त्यामुळे मिसळीवर जास्तीचा पाव खुशाल घ्या. निफाडपर्यंत द्राक्षबागा बघत छान जाता येतं. पुढे कांद्याच्या ट्रॅक्टरांमागे गाडी रांगायला लागते. कधी पोचणार, असं कंडक्टरला विचारलं.

"लिलाव उरकला की रस्ता मोकळा," ते म्हणाले आणि डुलकी काढायला लागले.

मार्केट यार्डाजवळ मामाचं बारदानाचं दुकान आहे. पोत्यांच्या थप्पीवर बसलेल्या मामाने माझ्याकडे बघितलंही नाही.

"चहा पी आन जा. मी येनार नाय."

वाद न घालता मी लॅपटॉप उघडला. त्यात माझा लाडका जपानी नट होता, पन्नासच्या दशकातला, कृष्णधवल. हा जन्मात कधी नायक झाला नाही. कधी चोर, कधी दारुडा, कधी खाणावळवाला, आणि बहुतेक वेळा मध्यंतराआधीच मेलेला. त्याच्या अशा सगळ्या तुकड्यांचा मी एक व्हिडिओ केला होता.

"सारखा मरतोय की लेकाचा!" मामा म्हणाला आणि पुढचं मरण नीट दिसावं म्हणून थप्पीवरून खाली उतरला. मामीही हात पुसत आली.

मग माझा आवडता प्रसंग आला. मधोमध नायक तलवार उपसून भाषण ठोकतोय आणि कोपऱ्यात आमचा नट निवांत मुळा खातोय.

"मागं घे," मामा म्हणाला. पुन्हा बघितलं. "हिरो बोंबलतोय आन सगळं ध्यान मुळ्याकडं! कडंला हाय, पन पिक्चर त्याचाच. म्हातारपनी कामं मिळाली का याला?"

"शेवटपर्यंत. हिरो बदलत गेले, हा टिकला."

मामाने स्वतःच बटण दाबून मुळा आणखी एकदा बघितला.

"फेटा कोन्त्या रंगाचा हाय?" त्याने विचारलं. मामी पदर तोंडाला लावून हसली. त्या आनंदात मी मामीच्या शेवभाजीवर असा ताव मारला की परतताना निफाड येईपर्यंत नाक गळत होतं.

लग्न झालं. काल फोटोग्राफर अल्बमचे फोटो दाखवायला घरी आला. मंगलाष्टकांच्या फोटोत मी लाजतेय, भटजी गातायत आणि माझ्या मागे गुलाबी फेट्यातला मामा निवांत मुळा खातोय. अंतरपाटावरून डोकावणारा नवरासुद्धा त्याच्याकडेच बघतोय.

"मॅडम, मागचे काका कापू का?" फोटोग्राफरने विचारलं.

"मामा आहे तो," मी म्हटलं. "जागा कमी पडली तर मला काप."