मामीच्या मळ्यातला सुका वाफा

चार वर्षं हे कुणाजवळ बोलले नव्हते. नवऱ्याजवळही नाही. आता सांगायला बसलेय तर — कुठून सुरुवात करू?

मी एक फिल्म केली होती. अकरा मिनिटांची, मुकी. माणूस नाही, गोष्ट नाही. अल्लीपूरला मामीच्या मळ्यातला काही न पेरलेला, पाण्यानं भरलेला एक वाफा, झाडावरून टिपलेला. आधी पाण्यात आभाळाचा चौकोन. मग कडा आत सरकतात, चौकोनाचा गोल होतो, गोलाचा ठिपका. शेवटी काळ्या मातीला भेगा. बस. पुण्यात दाखवली तेव्हा लोक उठून बोलले. बरं वाटलं — का नाही वाटणार?

पण त्यासाठी तो वाफा तीन दिवस सुकायला हवा होता. आणि मामी रोज सकाळी मोटार लावायची, पाटाचं पाणी सगळ्या वाफ्यांत फिरायचं. तिला काय सांगणार होते? की मी नुसत्या मातीची फिल्म काढतेय? हसली असती ती. मला तेवढंच नको होतं.

म्हणून मी मोटारीच्या पेटीतली फ्यूजची तार काढून टाकली.

हो, मीच. मामी म्हणाली मोटार बिघडली — मी मान हलवली. मिस्त्री तीन दिवसांनी येणार होता. एप्रिलचं ऊन. शेजारच्या विहिरीवरून डोक्यावर घागरी आणून ती सांबार — तुमची कोथिंबीर — जगवत राहिली. आणि माझ्या कॅमेऱ्यात यायला नको म्हणून लांबच्या बांधावरून फिरायची! तरी एकदा तिची सावली वाफ्यावर पडलीच. पुण्यात कुणी नेमकं तेच विचारलं. मी म्हणाले, ते ठरवून घेतलंय.

तीन वाफे सांबार जळाला. मिस्त्री यायच्या आधी मी तार परत बसवली.

मागच्या रविवारी मामीला सगळं सांगितलं. ती मेथीच्या जुड्या बांधत होती. हात थांबले. मग म्हणाली, "काऊन नाई सांगतलं वं? त्या एका वाफ्याचं तोंड मातीनं बुजवलं असतं. बाकीच्याइले पाणी गेलंच असतं ना!"

इतकं सोपं होतं ते.

मग तिनं फिल्म मागितली. मोबाइलवर पूर्ण पाहिली, हसली नाही. भेगा आल्या तसं काचेवर बोट ठेवून म्हणाली, "आता याले पाणी द्या लागते."

माफ केलं का, ते मी विचारलं नाही. निघताना ती एवढंच बोलली, "रविवारी येजो. पालक पेराचा हाय."

आज रविवार. निघते.