माह्यं नोहे ते

आमचे पेटीमास्तर कुठलाही सिनेमा पहिल्यांदा आवाज बंद करून बघत. बालाघाटात पाटबंधारे खात्यात नोकरी, संध्याकाळी पेटीच्या शिकवण्या, आणि उरलेला वेळ आमच्यासारख्या स्वतःच्या खटपटीवर छोटे सिनेमे काढणाऱ्यांना संगीत देण्यात जाई. असे सात सिनेमे त्यांनी केले. पहिले तीन माझे.

"संगीत कुठं नाही पाहिजे, ते आधी ठरवू," असं म्हणत. प्रसंग रंगात आला की मला हमखास सूर हवा असे. ते भाता मिटून म्हणत, "थांब ना बापू. त्या बाईले रडू तं दे."

उकव्याच्या खाणकामगाराच्या बायकोवर मी चौथा सिनेमा केला, तेव्हा मास्तर रजा टाकून बसने तिकडे गेले. आठवडाभर वस्तीत राहून बायका काम करताना काय गुणगुणतात ते ऐकत बसले. मग चार महिने खपून संगीत केलं. एक पेटी, एक बासरी, एवढंच.

मुंबईच्या एका जाणकाराला ते 'फारच रिकामं' वाटलं. मी घाबरलो. दुसऱ्याकडून व्हायोलिनांचं भरगच्च संगीत करून घेतलं. मास्तरांना सांगायचं रोज ठरवलं, सांगितलं नाही. नामावलीत त्या दुसऱ्याच्या आधी मास्तरांचं नाव तसंच ठेवलं. मला वाटलं, मान राखला.

बालाघाटात खेळ ठेवला. मास्तर बायकोला आणि किरनापूरच्या लेक-जावयाला घेऊन पहिल्या रांगेत बसले. व्हायोलिनं सुरू झाली. मी मागे दारापाशी उभा होतो. त्यांची पाठ तेवढी दिसत होती. ती शेवटपर्यंत हलली नाही. खेळ संपल्यावर लोकांनी त्यांना घेरलं. "मास्टरजी, क्या संगीत दिया!"

"मेरा नहीं है, भाई," ते प्रत्येकाला सांगत होते. लेकीलाही तेच म्हणाले, "माह्यं नोहे ते."

दुसऱ्या दिवशी दुपारी त्यांच्या घरी गेलो. चहा आला.

"काहून नाही सांगतलं?"

"तुम्हाले वाईट वाटलं असतं, मास्तर."

"हौ, वाटलं असतं. पण एकट्याले वाटलं असतं. पोरीले किरनापूरहून बोलावलं नसतं."

मग त्यांनी नाव काढून टाकायला सांगितलं. ते काम मात्र मी त्याच संध्याकाळी केलं.

मागच्या वर्षी मास्तर गेले. तोवर रस्त्यात भेटले की थांबत, माझ्या आईची तब्येत विचारत. नवीन काय करून राह्यला, हे मात्र त्यांनी मला पुन्हा कधी विचारलं नाही.