ग्रे कापडाचा पंख

इस्त्री पाचव्यांदा फिरवली तरी कापड ढिम्म. लाकडी फासळ्यांच्या मधे ते तसंच लोंबत होतं, आणि सुरतेतल्या भेस्तानच्या माझ्या पत्र्याच्या वर्कशॉपमध्ये सकाळचे अकरा वाजायच्या आतच अंगाची लाही होत होती. मी इस्त्री बंद केली, बाहेर जाऊन चहा प्यायलो, परत आलो, इस्त्री चालू केली, परत बाहेर गेलो. माझं हे असंच आहे. काम अडलं की मला बसवत नाही, आणि काम सुरळीत चालू असलं की आणखीच बसवत नाही.

काम होतं विमानाच्या पंखाचं. शहरातल्या एका खासगी कॉलेजात माणसाच्या उड्डाणाच्या इतिहासाचं कायमचं दालन होणार होतं. तिथल्या मॅडमनी मला पहिल्या विमानाच्या एका पंखाची निम्म्या मापाची प्रतिकृती करायला सांगितलं होतं. सोमवारी त्या पंख बघणार. पसंत पडला तर अख्खं विमान मी करायचं, नाही पडला तर वर्कशॉपला कुलूप. हे कुलूप मी नाही, बायको लावणार होती.

तिचं काही चुकत नव्हतं. डिप्लोमा मी अर्ध्यात सोडला. हिरे घासायच्या चाकावर, घंटीवर, चार महिने बसलो, तिथून उठलो. मोबाइल दुरुस्ती झाली, सोलर पॅनल झाले, लग्नाचं शूटिंग करणाऱ्यांचे ड्रोन दुरुस्त करून झाले. प्रत्येक वेळी भांडण करून बाहेर पडलो आणि प्रत्येक वेळी घरी येऊन सांगितलं की माणसं नालायक होती. शेवटी तिने मला समोर बसवून सांगितलं, ‘‘अहो, सगळीच माणसं नालायक कशी निघतात हो? हे शेवटचं. हे पण सुटलं तर माझ्या भावाच्या साडीच्या दुकानात गादीवर बसायचं. सकाळी दहा ते रात्री आठ.’’ गादीवर! मी! नुसत्या कल्पनेनं माझे पाय वळवळायला लागले.

विमानाचं वेड मात्र कधी सुटलं नाही, तेवढं एक. उडण्याच्या इतिहासात मला जी माणसं आवडतात ती सगळी माझ्यासारखी अस्वस्थ जमात आहे. कुणी अंगाला पिसं बांधून मनोऱ्यावरून उडी मारली आणि तंगडी मोडून घेतली. कागद बनवणाऱ्या घराण्यातल्या दोघा भावांनी कापडाला आतून कागद लावून, तुकडे चक्क बटणांनी जोडून गरम हवेचा फुगा केला आणि त्यात आधी मेंढी, बदक आणि कोंबडा पाठवले. मला त्या मेंढीचं फार वाटतं. तिला कुणी विचारलंही नसेल. मग ते दोघे सायकलवाले भाऊ, ज्यांचं विमान पहिल्यांदा उडालं ते बारा सेकंद. त्यांनी पंखांवर दुकानातून आणलेली साधी मलमल ताणली होती, आणि ती घरच्या शिलाई मशीनवर स्वतः शिवली होती. हे सगळं मी शंभर वेळा वाचलं असेल. पण फुगा काय, पंख काय, सगळं कापडच आहे, ही गोष्ट काही माझ्या डोक्यात शिरली नव्हती. आणि मी वाढलो कुठे, तर सुरतेत, लूम, म्हणजे यंत्रमाग, चालवणाऱ्या माणसाच्या घरी.

आबा, म्हणजे माझे वडील, धुळ्याकडून तरुणपणी इथे आले आणि पुढे चाळीसएक वर्षं लूमच्या खात्यात उभे राहिले. खातं म्हणजे लूमचा कारखाना. बारा तासांची पाळी, एकट्यानं आठ-दहा लूमवर नजर ठेवायची, आणि आवाज असा की शेजारच्याशी बोलायचं तर कानात ओरडायचं. आता त्यांना नीट ऐकू येत नाही, गुडघे गेलेत, आणि दोन वर्षांपासून ते घरीच असतात. बसून बसून ते उशीच्या अभ्र्याचा काठ बोटांनी चाचपत राहतात, सुटलेला धागा शोधत. मला ते बघवत नसे. खरं सांगतो, मला लूमची लाजच वाटायची. शाळेत असताना आबांच्या कपड्यांना तेलाचा वास यायचा म्हणून मी त्यांना फाटकाच्या अलीकडेच थांबवायचो.

आणि त्या लाजेनंच मला या पंखात गाडलं. लूमवरून उतरलेल्या कापडाला इथे ग्रे म्हणतात. मळकट, तेलाचे डाग पडलेलं, खरखरीत. ते मिलमध्ये जातं, धुतलं जातं, गरम यंत्रातून निघतं, रंगतं, छापलं जातं आणि मग बाजारात मिरवतं. ग्रे आमच्या घरी पायपुसण्याला, गोधडीच्या अस्तराला आणि पिशव्यांना. पाहुणे आले की आई ग्रेच्या अभ्र्याची उशी पलंगाखाली ढकलायची. मग मी कॉलेजच्या मॅडमसमोर ठेवायच्या पंखाला कापड कुठलं आणणार? रिंग रोडच्या मार्केटात जाऊन सगळ्यात गुळगुळीत, पांढरंशुभ्र, तयार पॉलिस्टर आणलं. छोट्या विमानांना हल्ली पॉलिस्टरच लावतात, हे मी वाचलं होतं. चौकटीवर चिकटवायचं, इस्त्री फिरवायची, कापड आटतं आणि टणक ताणलं जातं. वाचायला सोपं होतं.

गुरुवारी आबा डबा घेऊन रिक्षानं वर्कशॉपवर आले. बायकोनंच पाठवलं असणार, माझ्यावर लक्ष ठेवायला. ते पंखापाशी वाकले, कापड दोन बोटांत धरून चोळलं आणि म्हणाले, ‘‘दख, हाई कापड मिलमा जाई उनं. एकदाव आटी गयं, आते परत कसं आटी?’’

एकदा मिलमधून आटून आलेलं कापड पुन्हा कसं आटेल, एवढंच ते विचारत होते. मी ऐकलं, आणि मला ते कळलंही. पण त्या क्षणी माझ्या डोक्यात फक्त सोमवार होता. मी त्यांच्या कानाशी जाऊन ओरडलो, ‘‘आबा, हाई विमान शे, साडी नही! तुमले यामातलं काय समजस?’’

कान कमजोर असले तरी हे त्यांना ऐकू गेलं. डबा टेबलावर ठेवून ते रिक्षा बघायला निघून गेले. मी इस्त्री आणखी तापवली, चिडून दाबून धरली, आणि मधोमध तव्याएवढं भोक पडलं. वितळलेल्या पॉलिस्टरचा वास दिवसभर नाकातून गेला नाही.

शुक्रवारी सकाळी आबा घरात नव्हते. चप्पल नव्हती, काठी होती. फोन उशाशीच पडलेला. बायको म्हणाली, ‘‘काल काय बोललात तुम्ही त्यांना?’’ मी म्हणालो, काही नाही. तिने माझ्याकडे असं बघितलं की मी गाडीची किल्ली घेऊन बाहेरच पडलो. देऊळ बघितलं, बसस्टँड बघितलं, उधन्याला स्टेशनवर जाऊन बाकं बघितली. धुळ्याला निघून गेले असतील तर? गुडघ्यांना काही झालं तर? डोक्यावरून दुपारचं विमान खाली उतरत गेलं आणि आयुष्यात पहिल्यांदा मी मान वर केली नाही. मला भीती वाटत होती, आणि लाज त्याहून जास्त.

लिंबायतला त्यांचं जुनं खातं आहे, ते मला सगळ्यात शेवटी सुचलं. गल्लीतच आवाज सुरू झाला, दात हलवणारा. आत गेलो तर आबा लूमपाशी उभे. हो, उभे. एका जुन्या सोबत्याची पाळी होती, त्याला बाजूला बसवून त्याच्या एका लूमवर हे स्वतः कापड काढत होते. घट्ट, दाट, साधं पॉलिस्टरचं ग्रे, मिलची गरमी अजून न लागलेलं. एक हात कापडावर, डोळे धाग्यांवर, आणि गुडघे थरथरत होते. मी जाऊन त्यांच्या कानात ओरडलो, ‘‘चला घर!’’ त्यांनी हातानं मला मागे सारलं. एवढं मीटरभर राहिलंय, असं बोटांनी दाखवलं. मी तिथे उभा राहिलो. किती वेळ ते नक्की सांगता येणार नाही, पण मी एका जागी उभा राहिलो.

शनिवारी सकाळी आम्ही दोघांनी पंख नव्यानं मढवला. मी गोंद लावायचो, आबा कापड ओढून बसवायचे. ‘‘हळू,’’ एवढंच मधून मधून म्हणायचे. मग मी इस्त्री हातात घेतली. पहिल्या फटक्यात कापडानं अंग चोरलं. सुरकुत्या डोळ्यांदेखत पळाल्या. दुसऱ्यांदा फिरवली आणि ते असं ताणलं गेलं की टिचकी मारली तर खणखणीत वाजलं. मी मोठ्यानं हसलो. आबा हसले नाहीत. ते वाकून बघत होते कुठे तार, म्हणजे कापडातला धागा, तुटली आहे का. एक तेलाचा फिकट डाग होता तो मला खुपला. मी म्हणालो, पांढरा रंग मारू. ते म्हणाले, ‘‘तुना विमानवालास्नी रंग दिधा व्हता का?’’ त्या दोघा भावांची मलमल न रंगवलेली, कोरीच होती. हे मीच कधीतरी जेवताना त्यांना ओरडून सांगितलेलं. मी रंगाचा डबा परत झाकला.

सोमवारी पंख टेम्पोत घालून कॉलेजात नेला. आबांना घरी बसा म्हटलं तर ते आधीच टेम्पोत चढून बसले होते. दालनात मॅडम आल्या. फासळ्या मोजल्या, वळण बघितलं, कापडावर टिचकी मारली. दोनदा मारली. ‘‘बहुत अच्छा,’’ म्हणाल्या, आणि माझ्या छातीवरचा दगड उतरला. मग त्या पंखाच्या टोकाशी थांबल्या. ‘‘ये क्या लिखा है? ये मिटा देना, फिर फायनल.’’

मी वाकून बघितलं. कडेला निळ्या शाईत आकडा होता. सत्तावीस. ताका, म्हणजे कापडाचा तागा, संपला की कारागिरानं त्याच्या टोकावर आपला नंबर लिहायचा, अशी खात्यातली पद्धत आहे. चूक निघाली तर कुणाची ते कळावं म्हणून. शुक्रवारी कापड कापल्यावर आबांनी सवयीनं लिहून टाकला होता, आणि मढवताना ती कड नेमकी वरच्या अंगाला आली होती.

‘‘काय म्हंतीस त्या?’’ आबांनी विचारलं. मी सांगितलं. ते लगेच म्हणाले, ‘‘मंग पुसी टाक. मिलमा बी पुसी टाकतस.’’

त्यांच्या आवाजात राग नव्हता, वाईट वाटणंही नव्हतं. एवढ्या वर्षांत त्यांनी विणलेल्या प्रत्येक ताक्यावर हा आकडा होता, आणि मिलमध्ये पहिल्याच धुण्यात तो गेला होता. कुठलीतरी बाई कुठल्यातरी लग्नात ती साडी नेसून मिरवली असेल. यांनी ती कधी बघितली नाही, तिला यांचा पत्ता नाही. हे सगळं मला तिथे, त्या थंड दालनात, एकदम कळलं.

‘‘नाही पुसणार,’’ मी मॅडमना म्हणालो. त्यांनी भुवया वर केल्या. मी हिंदी, गुजराती, मराठी सगळं एकत्र करून बोलत सुटलो. हा माझ्या वडिलांचा नंबर आहे, कापड यांनी विणलंय, तुमचं ते पहिलं विमानसुद्धा कुणीतरी विणलेल्या कापडावरच उडालं आणि त्याचा नंबर कुणी ठेवला नाही. हा राहील. नको असेल तर मी पंख परत नेतो. बोलताना मला माझ्या मेहुण्याची गादी समोर दिसत होती. या वेळी मात्र माझे पाय दारापर्यंत गेले नाहीत. मी तिथेच थांबलो.

मॅडमनी माझ्याकडे बघितलं नाही, आबांकडे बघितलं. ‘‘काका, आ तमे वण्युं?’’

आबांना ऐकू आलं नाही. मी कानाशी ओरडलो, हे तुम्ही विणलं का, विचारतायत. ते सरळ उभे राहिले, तपासनिसासमोर राहतात तसे. ‘‘हा. सात मीटर. एक बी तार तुटेल नही.’’

मॅडमनी हातातल्या कागदावर काहीतरी खोडलं. मग मला म्हणाल्या, दुसरा पंख सुरू करा, आणि त्याचंही कापड यांच्याकडूनच. आकडा राहू दे.

मी आबांना ओरडून सांगितलं. त्यांना बराच वेळ पटेना.

‘‘म्हंजे हाई मिलमा जावाव नही?’’

‘‘नही, आबा.’’

‘‘धुतीन नही?’’

‘‘नही.’’

ते पंखाजवळ गेले आणि त्या सत्तावीसवर अंगठा घासून बघितला, शाई निघते का म्हणून. निघाली नाही. त्यांनी पुन्हा एकदा घासून बघितलं. मी त्यांच्या शेजारी उभा राहून रडलो, आणि त्यांना ते ऐकू आलं नाही.