सत्त्याण्णव रुपये पाच पैसे

गुरुजी गेल्याचा फोन आला तेव्हा मी शहाद्याच्या एसटी स्टँडवर पाचवीच्या वह्या तपासत बसले होते. फोन ठेवला आणि पुढच्या तीन वह्यांवर न बघताच बरोबरच्या खुणा करत गेले... याला दीड महिना झाला. मन अजून थाऱ्यावर नाही, आणि त्याला कारण आहे कॅलेंडरचं एक पान.

सारंगखेड्याच्या शाळेत त्यांनी मला गणित शिकवलं, म्हणून आज मी गणिताची बाई आहे. रुपये-पैशांची उदाहरणं ते आमच्याच घरातली घ्यायचे. कुणाची आई केळी घेई, कुणाचा बाप गूळ. फळ्यावर उदाहरण सोडवताना मधेच मुद्दाम चुकायचे आणि आम्ही चूक धरेपर्यंत खडू खाली ठेवायचे नाहीत. पण त्याआधी खरं उत्तर चिठ्ठीवर लिहून खडूच्या डबीत टाकायचे. का, तर म्हणायचे, "उद्या मन्ही खरीच चूक व्हयनी, तं मी म्हनसू, मुद्दाम करेल शे. तशी लबाडी नको."

त्यांचा सगळा जीव पैशांच्या दोन घरांत. पाच पैसे म्हणजे .०५, नुसतं .५ लिहिलं की ते पन्नास झाले. पाच पैसे आता घेतं कोण, असं मी एकदा फणकाऱ्याने म्हटलं, तर मला पेट्रोल पंपावर पिटाळलं, मीटरवरचे आकडे उतरवून आणायला. मी मुळातच उतावळी, आणि ते मला पुरते ओळखून होते.

शेवटचं भेटले तेव्हा ते खूप थकले होते. कॅलेंडरच्या पानामागे सोडवलेलं उदाहरण त्यांनी पुढे केलं. "चूक शे का, देखी दे." मला चारची बस गाठायची होती. वरच्या दोन ओळी पाहिल्या आणि म्हणाले, "बरोबर शे, गुरुजी."

"नीट देखं ना?"

"हो." पान पर्समध्ये कोंबलं आणि पळाले.

ते उघडलं ते फोन आल्यानंतर. अडीच किलो केळी, बत्तीस पन्नास दराने, ८१.२५. गूळ १५.८०. एकूण ९७.५. शंभराच्या नोटेतून परत २.५०... जी चूक त्यांनी जन्मभर आमच्या वह्यांतून उपटून काढली, नेमकी तीच! ही माझ्यासाठी मुद्दाम पेरली होती, की खरंच चुकले होते ते? वर्गात पोरांवर उगाच ओरडू लागले, नवऱ्याशी भांडले. शेवटी मागच्या रविवारी सारंगखेड्याला गेलेच.

गुरुजींच्या घरी त्यांच्या बायकोकडे, काकूंकडे, खडूची डबी मागितली. दोनदा उपडी केली. खडूचे तुकडे निघाले, चिठ्ठी नव्हती.

म्हणजे ते माझी परीक्षा घेत नव्हते. आपलं डोकं शाबूत आहे का, हे मला विचारत होते. आणि मी एका बससाठी खोटं बोलले. फार लाज वाटली मला.

काकूंना यातलं काहीच ठाऊक नव्हतं. उलट कौतुकाने सांगत होत्या, की मी गेल्यावर गुरुजी खुशीत होते. "म्हनेत, ती बोलनी बरोबर शे. मन्हं डोकं अजून ठिकानावर शे. त्या दिन दोन भाकरी खाद्यात." त्या दिवसांत अर्धी भाकरीही त्यांना जात नव्हती म्हणे.

माझ्या चुकीने त्यांना दोन घास गोड लागले, यात समाधान मानू? त्यांना ते चाललं असतं? नसतंच. उठले, चिठ्ठीवर ९७.०५ लिहिलं, डबीत टाकून झाकण लावलं आणि निघाले.

स्टँडवर आल्यावर आठवलं, परत मिळणारे पैसे लिहायचे राहिले. दोन रुपये पंच्याण्णव पैसे. समोर चारची बस लागलेली होती, कंडक्टर दार ओढत होता. मी त्याला हातानेच जा म्हटलं आणि काकूंच्या घराकडे परत फिरले.