बाईंच्या वाट्याचे शब्द

“शब्द द्या मास्तर, बाकी मी पायतो.” विंगेतून रंगमंचावर पाऊल टाकण्याआधी बाई हे म्हणायच्या आणि पदर दोनदा झटकायच्या. मग आत जाऊन दोन हजार माणसांना रडवायच्या.

आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीचं नाटक तुम्ही पाहिलं असेल, तर विंगेत बसून कुजबुजणारा माणूस तुम्हीही ऐकला असेल. तो मी. पवनीत माझं शिलाईचं दुकान आहे, म्हणून सगळे मास्तर म्हणतात. दिवाळीनंतर नाटकांचा हंगाम लागला, की मशीनवर कापड टाकतो आणि नाटकाची वही काखेत मारतो. आमच्याकडे आज एक नाटक, उद्या दुसरं. पाठ करायला फुरसत कोणाला? प्रॉम्प्टर वाक्य सांगतो, नट ते उचलतो, आणि यात कोणालाच कमीपणा वाटत नाही. उलट कोणी पाठ करून आला, तर लोक त्याच्याकडे जरा संशयानेच पाहतात. याला दुसरीकडे काम नसेल, असं धरून चालतात.

बाईंचं गाव गोसीखुर्द धरणाच्या पाण्यात गेलं. वडील वैनगंगेत मासे धरायचे. चौथीनंतर शाळा सुटली आणि विशीत बाई नाटकात आल्या. आवाज दणदणीत, म्हणून पहिल्याच वर्षी आईची भूमिका मिळाली. “मी नायिका झालोच नाही जी, डायरेक्ट सासू झालो,” असं त्या हसून सांगायच्या; आमच्याकडे बायाही ‘मी आलो, मी गेलो’च म्हणतात. मला मात्र त्यांच्याइतकी देखणी सासू दुसरी दिसली नाही.

एकदा रंगमंचावर बाई मरत होत्या. मुलगा पायाशी, सून उशाशी, ऑर्गन रडतोय, आणि पुढच्या रांगेत एका बाळाने टाहो फोडलेला. थांबेचना. बाईंनी एक डोळा उघडला आणि त्याच खोल गेलेल्या आवाजात म्हणाल्या, “बाई, लेकराले आधी दूध पाज. मंग मी मरतो.” लोकही समजूतदार. बाळ गप्प होईपर्यंत सगळे थांबले आणि बाई मग रीतसर गेल्या.

सिनेमातही त्यांनी काम केलं. नदीकाठी शूटिंगला एक मंडळी आली होती, त्यांनी बाईंना आईचं काम दिलं. मी बघ्यांच्या गर्दीत उभा होतो. कॅमेरा सुरू झाला, सगळे चिडीचूप, बाईही चिडीचूप. त्या सवयीने शब्दाची वाट पाहत होत्या. मलाही राहवलं नाही. आदल्या दिवशी त्यांनी कागद वाचून घेतला होता माझ्याकडून. मी गर्दीतून खणखणीत आवाजात त्यांचं वाक्य दिलं. बाईंनी ते उचललंही. आवाज टिपणाऱ्या पोराने कानावरचं यंत्र काढून फेकलं आणि मला नदीपार नेऊन बसवण्यात आलं. पुढे तो सिनेमा मोबाइलवर आला, तेव्हा बाईंनी तळहातावर धरून पाहिला. “एवढीशीच दिसून राहिलो बाप्पा मी,” म्हणाल्या आणि मोबाइल परत दिला.

त्यानंतरच्या वर्षी बाई वाक्यं गाळू लागल्या. मी आवाज चढवला, तरी त्या माझ्या तोंडाकडे बघत राहायच्या. हंगाम संपल्यावर एका दुपारी ब्लाउजच्या निमित्ताने दुकानात आल्या. माप देऊन झालं तरी उठेनात.

“मले कमी आयकू येते मास्तर,” त्या म्हणाल्या. “कंपनीच्या मालकाले कळलं तर मले घरी बसवते. अन् घरी बसून मी का करू?”

उपायही त्यांनीच सुचवला. पावसाळाभर रोज दुपारी त्या बसने यायच्या. मी मशीन थांबवून त्यांच्या उजव्या कानाशी नाटक वाचायचो. आपलं काम त्यांनी पाठ केलंच, पण समोरचा कधी थांबणार हे ओठांवरून कळावं म्हणून सगळ्यांचंच केलं. नायक, खलनायक, विनोदी गडी, सगळे. हंगामात त्यांच्या वाक्यांना मी विंगेत दिखाव्यापुरते नुसते ओठ हलवायचो आणि बाई बोलायच्या. कंपनीत कोणाला पत्ता लागला नाही. मला वाटतं, इतकं सरस काम त्यांनी आधी कधीच केलं नव्हतं.

घोळ माझ्याच हातून झाला. लाखांदूरकडच्या एका गावी प्रयोग होता. दिवस मावळताना टेम्पोतून उतरलो आणि पाहतो तर पिशवी नाही. खड्ड्यांच्या रस्त्यात कुठेतरी पडली असणार. वही तिच्यातच होती, आणि दुसरी प्रत नव्हती. वही नाही म्हणजे नाटक नाही. माझं तोंड पाहूनच बाईंनी ओळखलं. जवळच्या घरून शाळेची कोरी वही मागवली आणि पेटाऱ्यावर बसल्या.

“लिवा,” म्हणाल्या. “माझं सोडा, ते मले येते.”

त्या सांगत गेल्या, मी लिहीत गेलो. त्यांच्या वाक्यांपुरत्या जागा कोऱ्या सोडल्या. मालक मागून आला. त्याने बाईंना हाक मारली. पुन्हा मारली. बाई खलनायकाचं वाक्य सांगत होत्या; त्यांनी वळून पाहिलं नाही. मालकाने माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घालून लिहीत राहिलो. सांगायला हवं होतं काहीतरी, कोपराला हात लावून बाईंना सावध करायला हवं होतं. मालक निघून गेला.

प्रयोग छान झाला. पुढच्या हंगामात बाईंना बोलावणं आलं नाही.

बाईंचं काम एका नव्या मुलीला मिळालं आणि त्या कोऱ्या जागा भरणं मला भाग पडलं. लाज गुंडाळून ठेवून बाईंच्या पुनर्वसनातल्या गावठाणात गेलो. मालकाला कसं कळलं, तेही सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं, चहा ठेवला आणि विचारलं, “पोरीचा आवाज कसा हाय?”

“बारीक आहे,” मी त्यांच्या कानाशी म्हणालो.

“मंग सुरुवातीले घाई नको करू म्हणा.”

तासभर त्या शांतपणे सांगत होत्या. शेवटचा प्रवेश आला, तिथे आई मुलाला घराबाहेर काढते. मुलाचं वाक्य मी म्हटलं आणि बाई एकदम उभ्या राहिल्या. सांगायचं विसरून त्यांनी पुरा प्रवेश केला, सगळ्या आवाजानिशी, चुलीपासून दारापर्यंत चालत. शेजारच्या बाया कामं टाकून दाराशी जमल्या. पेन माझ्या हातातच राहिलं.

झाल्यावर त्या धापा टाकत खाली बसल्या. “लिवलं?” त्यांनी विचारलं.

मी हो म्हटलं.

या उन्हाळ्यात बाई गेल्या. ती पोरगी आता बरं काम करते. शेवटच्या प्रवेशात ती माझ्याकडे पाहते तेव्हा वहीत बाईंच्या वाक्यांची जागा कोरीच असते, आणि मी ती वाचून दाखवतो.