बाईंनी उभं राहून स्वतःचा अख्खा सिनेमा बोलून दाखवला

गेल्या शनिवारी इथे सिंगापूरला टॅम्पिनीसमधल्या एका छोट्या हॉलमध्ये चिनी सिनेमा बघायला गेले होते. आमच्या मजल्यावरच्या सू आंटींकडे एक तिकीट जास्तीचं होतं. मला चिनीतलं 'जेवलात का' एवढंच कळतं, पण खाली इंग्लिश सबटायटल्स असतील म्हणाल्या, म्हणून गेले.

सिनेमाची दिग्दर्शिका स्वतः आली होती. नाव रुओलान, वय पन्नाशीच्या आसपास. साधी कॉटनची पँट, केस मागे घट्ट बांधलेले. एके काळी चीनमधल्या सिरियल्समध्ये हिचा चेहरा घराघरात होता, असं आंटींनी कानात सांगितलं.

सिनेमा सुरू झाला. नदीवर होडी चालवणारी एक बाई... गावात पूल होतोय आणि तिची होडी बंद पडणार आहे. दहा मिनिटं झाली असतील आणि सबटायटल्स गायब! सिनेमा थांबवला, लॅपटॉप बंद करून परत चालू केला, काही उपयोग नाही.

हॉलमध्ये माझ्यासारखे चिनी न येणारे निम्मे तरी होते. आयोजकांनी माफी मागितली, आजचा शो रद्द करू म्हणाले. लोक पर्स, छत्र्या उचलायला लागले.

तेवढ्यात रुओलान पहिल्या रांगेतून उठली. तिने माइक मागून घेतला, पडद्याच्या कडेला जाऊन उभी राहिली आणि म्हणाली, "आवाज थोडा कमी करा. मी सांगते."

आणि तिने सांगितलं... पुढचा दीड तास. होडीवाली, तिचा म्हातारा सासरा, पुलाचा कॉन्ट्रॅक्टर, शेजारणी, सगळ्यांची वाक्यं ती एकटी इंग्लिशमधून बोलत होती. नुसतं भाषांतर नव्हतं हं ते. सासरा बोलला की हिचा आवाज खाली उतरायचा, कॉन्ट्रॅक्टर आला की मान ताठ व्हायची.

तिचं इंग्लिश मात्र अडखळतं होतं. शिवाय 'न'चा 'ल' व्हायचा. होडीवाली म्हणते, मी रात्रभर थांबेन, तर हिच्या तोंडून 'ऑल नाइट'च्या जागी 'ऑल लाइट' आलं. मागच्या रांगांमध्ये खसखस पिकली. ती थांबली नाही. घोटभर पाणी प्यायली आणि पुढचं वाक्य बोलली.

शेवटच्या प्रसंगात होडीवाली पुन्हा तेच म्हणते. रुओलानचा आवाज तोवर पार बसला होता. परत 'ऑल लाइट'च आलं... या वेळी कोणी हसलं नाही. शेजारी सू आंटी डोळे पुसत होत्या. त्यांना तर सगळं चिनीतूनच कळत होतं!

सिनेमा संपल्यावर ती स्वतःबद्दल बोलली. तिच्या नदीकाठच्या गावात 'न' आणि 'ल' वेगळे नाहीतच. अठराव्या वर्षी ती अभिनयात आली. चेहरा आवडला, बोली नाही. मग वीस वर्षं पडद्यावर ती दिसायची आणि स्टुडिओत बसून दुसरीच कोणीतरी तिचे संवाद बोलायची. तिची आई टीव्ही बघून म्हणायची, "दिसते माझी मुलगी, बोलते कोण?"

आई गेली आणि हिने अभिनय सोडला. चाळिशीला आलेली असताना फिल्म स्कूलमध्ये जाऊन बसली, निम्म्या वयाच्या मुलांच्या शेजारी. निर्माते म्हणत होते, दिग्दर्शन कशाला, त्यापेक्षा आमच्या सिरियलमध्ये आईचा रोल कर. ती गावी परतली, गावातल्याच लोकांना घेऊन हा सिनेमा केला. एकही वाक्य डब केलेलं नाही.

हे ऐकताना मला माझं कॉलेज आठवलं.

मी भंडाऱ्याची. आमच्याकडे 'पाणी'ला 'पानी' म्हणतात. पुण्यात कॉलेजच्या एकांकिकेत मला एक छान भूमिका मिळाली होती. पहिलंच वाक्य होतं, "कोणी आहे का घरात?" मी "कोनी" म्हणायचे. दोन तालमींनंतर मला मोलकरणीचं काम दिलं... एकही संवाद नसलेलं. त्यानंतर मी तोंडात 'ण' घोटून घोटून बसवला आणि स्टेजवर पाऊल ठेवलं नाही. इथे लॅबमध्ये इंजिनिअर आहे, तिथेसुद्धा मीटिंगमध्ये आधी मनात वाक्य तपासते, मगच बोलते.

प्रश्न विचारा म्हणाले, तेव्हा मी हात वर केला. स्वतःचंच नवल वाटलं. विचारलं, लोक हसले तेव्हा थांबावंसं नाही वाटलं?

तिने माझ्याकडे नीट बघितलं. "हसले, मी ऐकलं," ती बसक्या आवाजात म्हणाली. "पण उठून कोणी गेलं नाही."

इथल्या आमच्या मराठी मंडळींचा दर वर्षी अभिवाचनाचा कार्यक्रम असतो. मी खुर्च्या लावते, चहाचं बघते. रविवारी सकाळी मेधाताईंना फोन केला. त्या कार्यक्रम बसवतात. म्हटलं, या वेळी मीही वाचणार, आणि आमच्या भंडाऱ्याकडच्या बोलीत वाचणार. ताईंनी एवढंच विचारलं, किती मिनिटं देऊ?

आईवर लिहिलेली चार पानं आहेत माझ्याकडे. काल घरी हॉलमध्ये उभी राहून मोठ्याने वाचत होते, सगळे 'पानी' आणि 'कोनी' जसेच्या तसे. माझी तेरा वर्षांची लेक होमवर्क सोडून दारात येऊन उभी राहिली. मला वाटलं, आता उच्चार सुधारणार. माझं इंग्लिश ती रोजच सुधारते.

"आई," ती तिच्या सिंगापुरी इंग्लिशमध्ये म्हणाली, "यू साउंड लाइक आजी, लाह."

मग तिथेच जमिनीवर बसून तिने पूर्ण ऐकलं. दोनदा.

रुओलानला माझं नावही माहीत नाही. तिच्यापर्यंत हे पोचणारही नाही. तरी तिचे आभार मानून आज पुन्हा तालीम करणार आहे... मोठ्या आवाजात.