न खोदलेलं टाकं

अद्भुत गोष्टी रंगवून सांगणाऱ्या माणसांचा मला राग येतो. पूर्वीही यायचा, आजही येतो. पुण्यात बारा वर्षं मी शाळेत इतिहास शिकवला, आणि 'पुरावा काय?' हा माझा वर्गातला ठरलेला प्रश्न. त्यामुळे वाचकांच्या अद्भुत अनुभवांच्या या सदरात आपण कधी लिहू असं स्वप्नातही वाटलं नव्हतं. पण मागच्या महिन्यात इथेच एका बाईंनी लिहिलं, की अशा अनुभवांतून 'कुणीतरी आपली काळजी घेत असतं' एवढं कळतं. वाचून माझं डोकंच फिरलं. काळजी घेतं? मग निवडून निवडून का घेतं?

म्हणून लिहायला बसले. हे आजवर नवऱ्याखेरीज इथे कुणालाच सांगितलेलं नाही.

२००८ ते २०१३ आम्ही डब्लिनला होतो. नवरा, शिरीष, ग्रँड कॅनाल डॉकवरच्या एका मोठ्या कंपनीत. मी डिपेंडंट व्हिसावर, म्हणजे नोकरीला बंदी. दीड वर्ष खिडकीतून कालव्यातले हंस बघितल्यावर कामाचं परमिट मिळालं आणि मागच्या गल्लीतल्या एका लहानशा ट्रॅव्हल वेबसाईटवर नोकरी लागली. सहा माणसं, एक किटली. काम काय, तर युरोपातल्या जुन्या गावांवर सहाशे-सहाशे शब्दांची पानं लिहायची. गाव न बघता! तिथे सगळेच तसं करत. आमचा संपादक डेक्लन, स्वभावाने गोड माणूस, मला पहिल्याच दिवशी म्हणाला होता, "दुसऱ्या परिच्छेदापुढे कुणी वाचत नाही गं. इट'ल बी ग्रँड." म्हणजे, चालून जाईल.

२०१० मध्ये माझ्या वाट्याला आल्प्समधलं एक गाव आलं. नाव देत नाही, कारण पुढे समजेल. गाव मला वाचूनच फार आवडलं. खिंडीच्या तोंडाशी वसलेलं, चारशे-पाचशे घरांचं. जुन्या काळी खेचरांच्या पाठीवरून मीठ यायचं, इथे जकात भरायची आणि मग खिंड चढायची. मिठावर गबर झालेल्या व्यापाऱ्यांनी घरांच्या दर्शनी भिंती चित्रांनी भरून टाकलेल्या. गावाच्या डोक्यावर एक जंगल, त्यात कुऱ्हाड लावायची शेकडो वर्षं बंदी. आपल्या देवराईसारखं, फक्त देवाच्या जागी हिमकडा. झाडं गेली की बर्फ थेट गावात उतरणार, हे त्यांना पुरतं ठाऊक होतं. आणि सगळ्याच्या वर, अडीच तासांच्या चढावर, खिंडीवर नजर ठेवणारा पडका किल्ला.

गावच्या म्युझियमची एक पुस्तिका नेटवर होती, पण जर्मन. मला येत नाही. भाषांतर करून बघितलं तर नुसता गोंधळ. शुक्रवार होता, डेक्लनला चारपर्यंत पान हवं होतं, आणि माझे पाचशे चाळीस शब्दच झाले होते. साठ कमी.

घाट, जकात, घाटमाथ्यावर किल्ला... हे तर आमचंच की! माझं आजोळ जुन्नरकडचं. गावामागे एक बिननावाचा म्हणावा असा गड, कॉलेजात असताना किती वेळा चढले असेन. आपल्याकडे पाण्यावाचून गड असतो का? आधी पाणी बघायचं, मग तट बांधायचा, हे मी मुलांना फळ्यावर लिहून दिलं होतं. त्यामुळे आपण खोटं लिहितोय असं मला वाटलंसुद्धा नाही. मी लिहिलं : 'वरच्या दरवाजामागे कातळात पायऱ्या खोदल्या आहेत. त्या टाक्यापाशी उतरतात. टाक्यात बारमाही थंड, पिण्याजोगं पाणी असतं. चढताना पाण्याचं ओझं नेण्याची गरज नाही.'

शेवटचं वाक्य माझ्याकडे कुणी मागितलं होतं? कुणीही नाही. साठ शब्द भरायचे होते, भरले.

२०१२ च्या ऑगस्टमध्ये डेक्लनने माझ्या टेबलावर एक पाकीट आपटलं. "फॅन मेल! तेही शाईच्या पेनाने!"

पत्र वॉटरफोर्डहून, नोएल नावाच्या निवृत्त पोस्टमनचं. जुलैमध्ये तो आणि त्याची बायको ब्रीड त्या गावी गेले होते. आमचं पान वाचून किल्ल्यावर चढले, बरोबर पाणी न घेता. भर उन्हात, वरच्या दरवाजाच्या अलीकडे ब्रीड कोसळली. जीभ कोरडी, बोलणं असंबद्ध. त्याने तिला भिंतीच्या सावलीत टेकवलं आणि दरवाजामागे धावला. पायऱ्या सापडल्या. पाणी सापडलं. टोपीतून आणलं, तिला पाजलं, रुमाल भिजवून कपाळावर ठेवला. तासाभराने ती उठून बसली. 'तुमच्या त्या चार ओळींनी माझी बायको वाचली,' असं लिहिलं होतं.

आणि खाली, जन्मभर बरोबर पत्ता बघत आलेल्या माणसाच्या काटेकोरपणाने, दोन दुरुस्त्या : पायऱ्या सात आहेत. पाचवी डावीकडून तुटलेली आहे, वयस्कर लोकांना सावध करावं. तसंच कोनाड्यात एक छोटी दगडी मूर्ती आहे, शेपूट डोक्यावरून घेतलेली, तिला कुणीतरी केशरी रंगाचे थरावर थर लावलेत. हा तिथला कुणी संत आहे का?

मी पत्र खाली ठेवलं. पुन्हा उचलून वाचलं.

पायऱ्या किती, मी लिहिलं नव्हतं. कोनाडा लिहिला नव्हता. शेंदूर लावलेला मारुती तर... मी कशाला लिहीन? ते सगळं आजोळच्या गडावरचं. आणि त्या पाचव्या पायरीवरून, डाव्या अंगाने, मी सतराव्या वर्षी घसरले होते. हनुवटीखालचा व्रण अजून आहे.

संध्याकाळी शिरीषला सांगितलं. तो म्हणाला, "कुठेतरी फोटो टाकला असशील गडाचा. त्याने पाहिला असेल."

"आणि पाणी? फोटोतलं प्यायला?"

"अगं, वाचली ना बाई? मग तुझं काय म्हणणं आहे, मरायला हवी होती?"

नवऱ्यांना कधीकधी इतकं बरोबर लागेल असं कसं बोलता येतं कोण जाणे.

दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत कालव्याकाठी बाकावर बसून मी त्या गावच्या पर्यटन कार्यालयाला फोन लावला. फोनवरची बाई इंग्रजी छान बोलत होती. किल्ल्यावर पाण्याचं टाकं आहे का, म्हणून विचारलं. तिने मोठा सुस्कारा सोडला.

"तुम्हीही? नाही. वर पाणी नाही, कधीच नव्हतं. खालचा डोंगर चुनखडीचा, चाळणीसारखा. किल्ला तीनदा पडला तो पाण्यापायीच. आमच्या पुस्तिकेच्या पहिल्या पानावर आहे. पण दर उन्हाळ्यात इंग्रजी बोलणारे लोक रिकाम्या हातांनी वर जातात आणि आम्हाला टाकं कुठे म्हणून विचारतात. आम्ही खालच्या दरवाजाशी पाटीसुद्धा लावली. ती कुणी वाचत नाही. त्यांनी ते आधीच दुसरीकडे वाचलेलं असतं!"

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"गेल्या उन्हाळ्यात एकटा माणूस होता. दुपारभर वर टाकं शोधत फिरला. हेलिकॉप्टरने उतरवावा लागला. जगला, पण किडन्या गेल्या. खिशात कुठल्याशा वेबसाईटचा छापील कागद होता. हे कोण लिहितं, तुम्हाला माहीत आहे का?"

मी म्हटलं, "नाही."

इतकी वर्षं पोटात काय सलतंय म्हणाल तर हे. टाकं नव्हे, पायऱ्या नव्हेत. हा 'नाही'. बत्तीस-पस्तीस मुलांसमोर उभं राहून खरं बोला म्हणून शिकवणाऱ्या बाईने एका क्षणाचाही विचार न करता उच्चारलेला.

तशीच ऑफिसात गेले. पान एकदा चढलं की आम्हाला त्यात हात घालता येत नसे, ते काम डेक्लनचं. म्हटलं, हे पान काढ, टाकं मी मनाने लिहिलंय.

तो हसला. "पण नोएलला सापडलं की."

"तिथे पाणी नाहीये, डेक्लन. त्यांच्या ऑफिसातली बाई स्वतः म्हणाली."

"एक बाई टेबलामागे बसून म्हणते नाही. एक माणूस म्हणतो मी ते प्यायलो. तू कुणावर विश्वास ठेवशील? शिवाय ते आपलं सगळ्यात जास्त वाचलं जाणारं पान आहे." आणि वर, "ते पायरीचं मात्र घालतो. पाचवी ना? चांगला तपशील आहे तो."

घातला हो! त्याच दुपारी घातला. माझ्या थापेवर आता साक्षीदाराची सही होती. चमत्कार चमत्कार म्हणतात, त्याचा त्या दिवशी एवढाच उपयोग झाला.

शनिवारी मी ट्रेनने वॉटरफोर्ड गाठलं. पत्ता पाकिटावर होता. नोएलने दारातच माझे दोन्ही हात धरले. "ब्रीड, बघ कोण आलंय! टाकंवाली पोरगी!" चाळिशीची पोरगी मी. चहा झाला, घरचा ब्राऊन ब्रेड झाला. मी बशी बाजूला सारली. मग एका दमात सांगून टाकलं. मी तिथे कधी गेले नाही, टाकं मी रचलं, पाणी तिथे नाहीच.

नोएल दिलखुलास हसला. "जा गं! पायऱ्या मी मोजल्यात. माझ्या हाताने पाणी काढलंय. वॉज आय ड्रीमिंग?"

ब्रीड हसली नाही. बारीक चणीची, पांढऱ्या आखूड केसांची बाई. तोपर्यंत चार शब्दसुद्धा बोलली नव्हती.

"पाणी नेऊ नका, हे तू लिहिलंस?"

"हो."

"मी दोन बाटल्या भरल्या होत्या. पिशवीत घातल्या होत्या. यांनी काढायला लावल्या. उगाच ओझं कशाला, त्या पोरीने लिहिलंय म्हणे." ती नोएलकडे वळली. "म्हणालात की नाही?"

नोएल चहा ढवळू लागला.

"देवाची कृपा म्हणायची, ब्रीड," तो हळूच म्हणाला.

"कुणावर कृपा?" तिने कप ठेवला. "आणि आणखी कुणी गेलं होतं वर?"

मी त्या माणसाचं सांगितलं. हेलिकॉप्टर, किडन्या. खिशातला कागद. फोनवर मी 'नाही' म्हटलं, तेही सांगितलं. नोएलचा चमचा थांबला.

"मग तू काय केलंस?"

"संपादकाला विनंती केली. तो ऐकत नाही."

"विनंती!" ती ताडकन उठली. "एक माणूस जन्माचा आजारी झाला आणि तू विनंती केलीस? नंबर दे त्याचा. आज शनिवार असला तरी दे."

पुढची दहा मिनिटं त्या बाईने डेक्लनला जे ऐकवलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. तिचं नाव, तिची कोरडी पडलेली जीभ, हे सगळं रेडिओवर ऐकवीन, असंही म्हणाली. पान संध्याकाळच्या आत उतरलं. मी दोन आठवड्यांत नोकरी सोडली. पण खरं सांगू? त्या सगळ्या प्रकरणात मला माझ्या लायकीचं बोलणारी ती एकटीच भेटली. बाकी सगळे आभार मानत होते, नाहीतर समजूत घालत होते.

निघताना मी तिला विचारलं, पाणी कसं होतं? ती म्हणाली, "थंड होतं. तांबडं होतं. रुमाल तीनदा धुतला, माती निघेना. फेकून दिला."

चुनखडीचा डोंगर पांढरा असतो. आजोळच्या गडावरची माती तांबडी, पावसानंतर टाक्यात उतरते. तो रुमाल असता तर तपासून घेतला असता, मी तशी बाई आहे. पण नाहीये.

नोएल फाटकापर्यंत आला आणि कुजबुजत म्हणाला, "त्या संताचं नाव तेवढं सांग." मी सांगितलं. त्याने पाकिटाच्या मागे लिहून घेतलं. आतून हाक आली, "नोएल! आत या!"

२०१३ मध्ये भारतात परतण्याआधी मी त्या गावी जाऊन आले. शिरीष म्हणाला, "तुला अजून पुरावा हवाय," आणि बरोबर आला. चार बाटल्या घेऊन चढलो. वरच्या दरवाजामागे खुरटं गवत आणि सलग पांढरा कातळ. कुठे खाच नाही, खड्डा नाही. मी गुडघ्यांवर बसून हात फिरवून पाहिला. खाली येऊन पर्यटन कार्यालयात त्या बाईसमोर उभी राहिले आणि म्हटलं, ते मी लिहिलं होतं. ती फक्त 'बरं' म्हणाली. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या माणसाचं नाव तिने सांगितलं नाही, ते योग्यच; गावाचं नाव मीही त्याच्यासाठीच देत नाही. माझं पत्र मात्र पोचवते म्हणाली. उत्तर आलेलं नाही. त्याने का द्यावं?

आता तुम्ही विचाराल, मग नोएलने काय काढलं टोपीतून? मला माहीत नाही. माझ्या डोक्यातलं टाकं त्याला कसं सापडलं, ते सापडायचंच होतं तर त्या एकट्या माणसाला दुपारभर हिंडूनही का सापडलं नाही, याचं उत्तर माझ्याकडे नाही. ज्या कुणाकडे आहे त्याने ते मला सांगू नये. त्या माणसाला जाऊन सांगावं.

आमचं पान उतरलं, पण तोवर इतरांनी ते उचललं होतं. अजूनही नेटवर चार-दोन ठिकाणी माझी वाक्यं जशीच्या तशी भेटतात. एका ठिकाणी तर पुढे जोडलंय, 'आयर्लंडच्या एका पर्यटकाला प्रत्यक्ष सापडलं.' मी त्यांना पत्रं लिहिते. काही जण काढतात, काहींचं उत्तर येत नाही.

तुमच्यापैकी किंवा तुमच्या मुलाबाळांपैकी कुणी तिकडे फिरायला गेलं, खिंडीच्या तोंडाशी चितारलेल्या घरांचं गाव लागलं आणि वर पडका किल्ला दिसला, तर जरूर चढा. सुंदर आहे. पण तिथे पाणी नाही, हे मी, ते लिहिणारी, सांगतेय. माणशी दोन लिटर बरोबर न्या.